गुन्हाच दाखल नव्हता, तरी अटकपूर्व जामिनाचे ८५ हजार गेले

बांधावरून चुलत्यांनी पोलिसात काहीतरी दिलंय, एवढंच आमच्या कानावर आलं होतं. बाकीचं सगळं त्या माणसाने पुरवलं. कोर्टाच्या आवारात टायपिंगवाल्यांच्या टेबलांपाशी तो उभा असतो. वकील आहे की वकिलाचा कारकून, हे कुणाला नीट कळू देत नाही. वडिलांना बाजूला घेऊन म्हणाला, "अण्णा, चारशेवीस लावलंय, खोट्या कागदाचंही कलम आहे. अजामीनपात्र. शुक्रवारी रात्री उचलतील. शनिवार-रविवार कोर्ट बंद. या वयात दोन रात्री आत काढणार का?"

सत्तरी ओलांडलेल्या माणसाला एवढं पुरतं. साठ हजार रोख 'साहेबांसाठी' गेले आणि पंचवीस हजार 'कोर्टात भरायची अनामत' म्हणून फोनवरून गेले. अटकपूर्व जामिनाच्या अर्जासोबत अशी कुठलीही अनामत भरावी लागत नाही. जामीन मंजूर झाला की कोर्ट सांगेल त्या रकमेचा जातमुचलका, म्हणजे स्वतःचं हमीपत्र, आणि जामीनदार द्यायचा असतो, तोही नंतर.

दुसऱ्या दिवशी व्हॉट्सअॅपवर ऑर्डरचा फोटो आला. गोल शिक्का, सही, खाली 'अर्ज मंजूर'. घरात पेढे वाटायचेच बाकी होते. नात्यातल्या एका वकील ताईंनी फोटो मोठा करून पाहिला आणि पहिल्याच ओळीवर बोट ठेवलं. तारीख २०२५ ची आणि कलम फौजदारी प्रक्रिया संहितेचं ४३८! १ जुलै २०२४ पासून हा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली होतो. गुन्हा रजिस्टर नंबरची जागा कोरी. कोर्टातल्या प्रत्येक प्रकरणाला मिळणारा सोळा अंकी-अक्षरी सीएनआर नंबर कुठेच नाही. ई-कोर्ट्सवर, म्हणजे कोर्टांच्या सरकारी वेबसाइटवर, वडिलांच्या नावाने शोधलं, तर अर्जच नाही. वकीलपत्रावर वडिलांची सही कुणी घेतलीच नव्हती, मग अर्ज कुणी आणि कसा केला असेल?

ताई आम्हाला घेऊन पोलीस ठाण्यात गेल्या. तिथे निघाली फक्त एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद. शिवीगाळ आणि दमदाटी, भारतीय न्याय संहितेचं ३५२ आणि ३५१(२). दोन्ही अदखलपात्र, दोन्ही जामीनपात्र. यात पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकत नाहीत आणि दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तपासही करू शकत नाहीत. अटकपूर्व जामीन मिळतो तो अजामीनपात्र गुन्ह्यात, सत्र न्यायालयातून किंवा उच्च न्यायालयातून. म्हणजे आम्ही जे विकत घेतलं, त्याची गरजच नव्हती. उद्या शेतात घुसल्याचा साधा गुन्हा लागला असता, तरी तो जामीनपात्रच. शिवाय तीन वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात साठीपुढच्या माणसाला अटक करायची तर आधी डीवायएसपींची (पोलीस उपअधीक्षकांची) परवानगी लागते. एफआयआर झालाय असं कुणी सांगितलं, तर नंबर मागा. संवेदनशील गुन्हे सोडले तर तो पोलिसांच्या वेबसाइटवर दिसतो.

पैशांपेक्षा जास्त लागली ती पुढची गोष्ट. ऑर्डर आल्यावर त्याच माणसाने वडिलांना सांगितलं होतं, "आता समोरच्यांशी गोडीने मिटवा, नाहीतर जामीन रद्द करतील." आणि पाचशेच्या स्टॅम्पवर, नोटरीसमोर, बांधालगतच्या अकरा गुंठ्यांवर हक्क नाही असं लिहून घेतलं. अटकेची भीती घालायची ती याचसाठी, असं माझं स्पष्ट मत आहे. फौजदारीचा धाक आणि दिवाणी कागद हे एकाच हाताने पुढे केले जात असतील, तर तिथेच थांबायचं.

तो कागद नोंदणीकृत नाही. जमिनीवरचा हक्क सोडायचा तर दस्त दुय्यम निबंधकाकडे नोंदवावाच लागतो, नोटरीने भागत नाही. तरी आम्ही तलाठ्याकडे लेखी हरकत दिली आणि पोच घेतली. या कागदावरून फेरफार, म्हणजे जमिनीच्या नोंदीत बदल, धरू नये, एवढंच त्यात लिहिलंय.

त्या माणसाविरुद्ध ठाण्यात तक्रार दिली आहे, खोट्या ऑर्डरच्या फोटोसकट. रोख दिलेल्या साठ हजारांना साक्षीदार नाही. पंचवीस हजार मात्र त्याच्या मेव्हण्याच्या खात्यात गेल्याचं बँकेच्या उताऱ्यावर दिसतं, आणि सध्या तक्रारीचा भार त्या एका ओळीवर आहे. बांधाच्या मोजणीचा अर्ज भूमी अभिलेखकडे वेगळा दिलाय.