सांडव्याचा हिशेब: कॅडॅम की मोठं एफईएम?

धरणाचं काँक्रीट तपासायला कॅडॅम हे सॉफ्टवेअर घ्यावं की मोठं एफईएम (रचनेचे बारीक तुकडे पाडून हिशेब करणारं), हा प्रश्न मराठवाड्यात पडतो तो बहुतेक वेळा सांडव्यापुरता. जायकवाडीच घ्या. लांबच लांब मातीचा भराव, आणि पाणी सोडायला 27 दरवाजांचा सांडवा. भरावाचं सॉफ्टवेअर वेगळं, त्यात इथे शिरत नाही. ग्रॅव्हिटी सेक्शन (स्वतःच्या वजनावर पाणी अडवणारा काँक्रीटचा छेद) तपासायचाय आणि काय घ्यावं ठरत नाहीये, अशांसाठी हे लिहितोय.

मी दोन्ही वापरली. आधी मोठं एफईएम पॅकेज, कारण लायसन्स ऑफिसात होतं आणि रंगीत चित्रं रिपोर्टात झकास दिसतात. नंतर मॉन्ट्रियलच्या पॉलिटेक्निकमध्ये तयार झालेलं कॅडॅम.

एफईएमशी माझं बिनसलं ते हीलवर. पायाशी, पाण्याकडच्या कोपऱ्यात थोडं टेन्शन, म्हणजे ओढणारा ताण, आलं. साहेब म्हणाले, "मेश बारीक करून बघा." मेश म्हणजे त्या तुकड्यांची जाळी. केली, टेन्शन वाढलं. अजून बारीक केली, अजून वाढलं. "मग यातलं खरं कोणतं?" या त्यांच्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. दोष सॉफ्टवेअरचा नाही. साध्या इलॅस्टिक हिशेबात त्या कोपऱ्यातला स्ट्रेस कुठे थांबतच नाही, जितकं जवळून बघाल तितका मोठा दिसतो. भेगेचं मॉडेल घालता येतं, किंवा पायावरचे स्ट्रेस एकत्र करून त्यांचा थेट बल आणि मोमेंट (वाकवणारा जोर) काढता येतो. मी दुसरं केलं आणि हातात आला जवळपास बीम थिअरीचाच आकडा, म्हणजे स्ट्रेस सरळ रेषेत बदलतो असं धरून हाताने काढतात तोच. दोन आठवडे गावभर फिरून पुन्हा आपल्याच दारात!

कॅडॅम त्या दारातूनच सुरू होतं. प्रत्येक लिफ्ट जॉइंटवर (काँक्रीटच्या दोन थरांमधल्या सांध्यावर) बीम थिअरी लावायची, टेन्शन मर्यादेबाहेर गेलं की भेग, भेगेत अपलिफ्ट (पाण्याचा वर उचलणारा दाब), मग पुन्हा हिशेब, भेग थांबेपर्यंत. एखादा जॉइंट कागदावर पडताळता येतो, आणि साहेबांसमोर बसायचं असेल तर हे फार मोठं सुख आहे. बर्फाच्या दाबाचाही रकाना आहे, कॅनडाची माणसं ती. आपण तिथे शून्य टाकायचं.

वैताग इथेही आहेच. आपल्या आयएस 6512 या ग्रॅव्हिटी धरणांच्या मानकात घर्षण आणि कोहिजनला (सांधा चिकटून राहण्याच्या ताकदीला) सुरक्षिततेचे वेगवेगळे फॅक्टर आहेत. नेहमीच्या 'बी' केसला पायाच्या सांध्यावर 1.5 आणि 3.6. कॅडॅम मात्र सरकण्याला एकच फॅक्टर देतं. मी टॅन फाय (घर्षणाचा आकडा) आणि कोहिजन त्या त्या फॅक्टरने आधीच भागून भरतो आणि उत्तर 1 च्या वर येतंय का एवढंच बघतो. भूकंपाच्या आणि ड्रेन (आत झिरपलेलं पाणी काढणारी छिद्रं) बंद असलेल्या केसेसना फॅक्टर बदलतात, म्हणून तीन फायली कराव्या लागतात. कंटाळवाणं आहे, पण एकदाच. भूकंपाची केस आपल्याकडे नावापुरती करून चालत नाही. 30 सप्टेंबर 1993 ला हादरलं तेव्हा किल्लारी नकाशावर सगळ्यात कमी धोक्याच्या झोनमध्ये होती.

तापमानाचं मात्र जरा जपून सांगतो. त्यासाठी कॅडॅमवाल्याच मंडळींचं टॅडॅम हे सॉफ्टवेअर आहे. पाण्याकडचं आणि हवेकडचं तापमान भरलं की आतलं मिळतं, तेही एकाच दिशेत. जुन्या जाड सेक्शनला माझ्या मते ते पुरतं. दिवसाचा चढउतार काँक्रीटमध्ये अर्ध्या-पाऊण मीटरातच विरतो. मे आणि जानेवारीतला फरक मात्र आठ-दहा मीटर आत जाणवतो, आणि त्यासाठी महिन्यांच्या सरासऱ्या बास होतात. नवीन काँक्रीट पडत असेल, तेही मे महिन्यात, खडी तापलेली, सिमेंटची उष्णता थरावर थर साठत चाललेली, तर ती गोष्ट वेगळी. तिथे एफईएमच लागतं, मी वाद घालणार नाही.

लायसन्स आधीच असेल तर एफईएम चालवाच. फक्त हीलचा आकडा दाखवायच्या आधी मेश किती ठेवली होती ते शेजारी लिहून ठेवा.