फिरता पडदा: फिल्म निवडतात नेमक्या, चालवतात घाईत

प्रोजेक्टर, पडदा आणि चौकटीबाहेरच्या लघुपटांचा दोन तासांचा संच घेऊन बेळगाव, खानापूर, निपाणीपर्यंत येणारी 'फिरता पडदा' ही सेवा मागवावी का? जरूर मागवावी, पण फाइल आधी तपासून.

निवड करणाऱ्यांना विषय कळतो. अमेरिकेतल्या प्रयोगशील दिग्दर्शिका माया डेरेन यांची 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३), फिल्म्स डिव्हिजनसाठी प्रमोद पतींनी केलेली 'एक्स्प्लोरर' (१९६८), आणि निक झेड यांच्या १९८५च्या 'सिनेमा ऑफ ट्रान्सग्रेशन' (मर्यादा मोडणारा सिनेमा) जाहीरनाम्यामागची, सुपर-८ म्हणजे घरगुती कॅमेऱ्याच्या ८ मिमी फिल्मवर काम करणारी न्यूयॉर्कची मंडळी. सरकारी खात्याच्या पैशात 'एक्स्प्लोरर'सारखी भन्नाट गोष्ट निघाली, हे आपल्याकडच्या पोरांनी पाहायलाच हवं. तिचा आवाज मात्र दबका ठेवू नका. अर्धी फिल्म त्या आवाजात आहे.

गडबड वेगाची. सुपर-८चं कार्ट्रिज ५० फुटांचं, म्हणजे ३,६०० फ्रेम. सेकंदाला १८ फ्रेमने ते ३ मिनिटं २० सेकंद चालतं, २४ने अडीच मिनिटांत संपतं. इथे १८ने चित्रित केलेले मूक तुकडेही २४नेच लावतात. माणसं तुरुतुरु चालतात आणि अंगावर काटा यावा तिथे हशा पिकतो. चालणारा माणूस दिसला की लगेच कळतं. अशी फाइल आली तर प्लेयरचा वेग ०.७५ करायचा, एवढंच. मूक फिल्मखाली सिंथेसायझरही घालतात. तो सरळ बंद करायला सांगा. डेरेनच्या फिल्मला टेइजी इटोंचं संगीत १९५९मध्ये जोडलं गेलं. ते किंवा शांतता, दोन्ही चालेल, तिसरं काही नको.

मराठी-कन्नड सबटायटल्स दोन्ही देतात, हे या भागात फार मोलाचं. पेनड्राइव्ह थेट प्रोजेक्टरला लावला की जोडाक्षरं फुटतात, कधी नुसते चौकोन दिसतात. लॅपटॉपवरूनच चालवायला लावा. सतरंजीवर बसणार असाल तर पडद्याची खालची कड साडेतीन फुटांवर हवी, नाहीतर दुसरी ओळ डोक्यांआड जाते. ब्लूटूथ स्पीकर नको, आवाज ओठांच्या मागे पडतो. वायरच लावा.

कौलारू हॉलमध्ये फटींतून उजेड येतो, तेव्हा खेळ दिवेलागणीनंतरच. पावसाळ्यात पत्र्याची जागा घेऊच नका. करंट गेल्यावर दिव्याचा पंखा बंद पडून बल्ब तापतो, म्हणून प्रोजेक्टरपुरता यूपीएस मागा. तो त्यांच्याकडे असतो, पण न सांगता आणत नाहीत. न्यूयॉर्कचे लघुपट मुलांसमोर लावण्यासारखे नाहीत. ते शेवटी ठेवून आधी दहा मिनिटांची सुट्टी द्या.