पतसंस्थेच्या वसुलीला स्थगिती: सोलापूरकरांना ही सोय कितपत उपयोगी?

सोलापूरच्या पूर्वभागातल्या यंत्रमागधारकाच्या कर्जाला जामीन राहिलेल्या माणसाच्या हातात पतसंस्थेच्या वसुलीची, म्हणजे कलम १०१ ची, नोटीस पडली की तो आधी विचारतो, स्टे (स्थगिती) मिळेल का? मिळतो. पण तो कोणत्या टप्प्यावर मागता, यावर त्याची किंमत ठरते.

या व्यवस्थेतला सगळ्यात चांगला भाग म्हणजे सहकार खात्याच्या उपनिबंधक किंवा सहायक निबंधकांपुढची सुनावणी. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम १०१ खाली संस्था इथे वसुली दाखला, म्हणजे थकबाकी वसूल करण्याचा आदेश, मागते. हरकत घ्यायला वादातल्या रकमेतला एक रुपयाही आधी भरावा लागत नाही. तरी लोक नेमके इथेच गैरहजर राहतात, याचं फार वाईट वाटतं. हजर राहिल्यावरही ‘कर्ज अमान्य’ एवढं लिहून भागत नाही. पूर्ण खातेउतारा, जामीनपत्र आणि व्याजदराचा ठराव लेखी मागा. पिग्मीच्या (रोजच्या भरण्याच्या) पावत्या तारखेनुसार उताऱ्याशी ताडून पाहा आणि जमा न दिसणारी रक्कम आकड्यात मांडा. जामीनदाराला न विचारता कर्जाचं नवं-जुनं केलं असेल, तर करार कायदा १८७२ चं कलम १३३ पुढे करा: संमतीशिवाय अटी बदलल्या की त्यापुढच्या व्यवहारांपुरती जामीनदाराची जबाबदारी संपते. म्हणून नव्या कागदावर आपली सही आहे का, हे आधी तपासा.

दाखला निघाला की मात्र सोय महाग होते. त्याच कायद्याच्या कलम १५४ खालची रिव्हिजन (दाखल्याच्या फेरतपासणीचा अर्ज) दोन महिन्यांत करावी लागते आणि येणे रकमेच्या ५० टक्के आधी संस्थेकडे भरावे लागतात. ६ लाखांचा दाखला असेल तर ३ लाख. देणंच नाकारणाऱ्या जामीनदारावर ही अट अन्यायाची आहे, असं आमचं स्पष्ट मत आहे. शिवाय रिव्हिजन दाखल झाली म्हणून जप्ती आपोआप थांबत नाही, स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. उच्च न्यायालयात रिटसाठी (आदेशाला थेट आव्हान देणाऱ्या याचिकेसाठी) आता मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचमध्ये सोलापूर जिल्हाही आहे. पण रिव्हिजन का केली नाही, हा प्रश्न तिथेही विचारला जाईल.

बँकेची सरफेसीची, म्हणजे तारण मालमत्ता ताब्यात घेऊन वसुली करू देणाऱ्या कायद्याची, नोटीस असेल तर वाट वेगळी. सहकारी बँकांनाही हा कायदा लागतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ठरवलं. मागणी नोटिशीची मुदत ६० दिवसांची. त्यात लेखी हरकत दिली तर ती का मान्य नाही, हे बँकेने १५ दिवसांत कळवायचं असतं. ताब्याची कारवाई झाली की ४५ दिवसांत पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज. अशा वादात दिवाणी न्यायालयाला मनाई करणाऱ्या, याच कायद्याच्या कलम ३४ चा अडसर असल्याने सोलापूरच्या दिवाणी न्यायालयात मनाईचा दावा टाकण्यात बहुतेक वेळा हे ४५ दिवसच वाया जातात.

पतसंस्थेने लिलाव करून टाकलाच असेल, तर सहकारी संस्था नियमांतल्या नियम १०७ नुसार ३० दिवस उरतात. थकबाकी व खर्च, अधिक लिलावाच्या किमतीच्या ५ टक्के भरून विक्री रद्द करून घेता येते.