अटेनोलॉल की मेटोप्रोलॉल?

कागदावर हे दोन बीटा-ब्लॉकर, म्हणजे नाडी आणि रक्तदाब उतरवणारी औषधं, सख्खे भाऊ वाटतात. एकाचा रेणुभार 266, दुसऱ्याचा 267.

बनवायची रीतही एकच. फिनॉल वर्गातला कच्चा माल घ्यायचा, अल्कली घालून एपिक्लोरोहायड्रिनशी जोडायचा आणि तयार झालेलं इपॉक्साइडचं ताणलेलं त्रिकोणी वलय आयसोप्रोपिलअमाइनने उघडायचं. इथे अमाइन सढळ हाताने घालावं लागतं. नाहीतर तयार झालेलं औषधच उरलेल्या इपॉक्साइडवर चाल करून जातं आणि जोडरेणूची अशुद्धी वाढते. शिवाय हे अमाइन 32 अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळतं, त्यामुळे भांडं बंद हवं. हाती येतं ते एस आणि आर या आरशातल्या प्रतिबिंबासारख्या रूपांचं निम्मं-निम्मं मिश्रण. रक्तदाबाचं काम मुख्यतः एस रूप करतं, तरी गोळीत सहसा दोन्ही असतात.

फरक पडतो तो सुरुवातीच्या फिनॉलमुळे. अटेनोलॉलच्या बेंझिन वलयाच्या दुसऱ्या टोकाला अमाइड असतं, ते पाण्याशी जमवून घेतं. मेटोप्रोलॉलला त्या जागी मिथॉक्सिइथाइल गट, त्याची ओढ मेदाकडे. म्हणून अटेनोलॉल यकृताला जवळपास टाळून लघवीवाटे जातं, तर मेटोप्रोलॉलला यकृतातलं सीवायपी2डी6 हे विकर (एन्झाइम) मोडतं. मूत्रपिंड अधू असेल तर मेटोप्रोलॉल सोयीचं. पण पॅरोक्सेटिन किंवा फ्लुओक्सेटिन ही नैराश्यावरची औषधं चालू असतील तर तेच विकर अडतं, मेटोप्रोलॉल रक्तात साचतं आणि नाडी नको इतकी मंदावते. तिथे अटेनोलॉल बरं.

मेटोप्रोलॉल घेणाऱ्याने क्षाराचं नाव जरूर वाचावं. टार्ट्रेटची साधी गोळी बहुधा दिवसातून दोनदा, सक्सिनेटची सावकाश विरघळणारी एकदा. 1999च्या मेरिट-एचएफ चाचणीत हृदय कमकुवत झालेल्या रुग्णांचे मृत्यू कमी झाले ते सक्सिनेटने. अशांसाठी माझं मत सरळ सक्सिनेटलाच.

नुसत्याच रक्तदाबाचा प्रश्न असेल तर मला दोन्हींबद्दल फारसा उत्साह नाही. 2002च्या लाइफ चाचणीत लोसार्टान या रक्तदाबाच्या दुसऱ्या औषधाच्या गटात अटेनोलॉलपेक्षा पक्षाघात कमी झाले. आधी डॉक्टरांना विचारा की बीटा-ब्लॉकरच का. दमा असेल तर तेही सांगा. दोन्ही औषधं हृदयाकडे झुकलेली असली तरी डोस वाढला की फुप्फुसांना सोडत नाहीत. आणि बदल करायचा ठरला तरी चालू गोळी स्वतःहून एकदम थांबवू नका, छातीत दुखणं उसळू शकतं.