लेबलचं ए अँड आर की म्युझिक पब्लिशिंग? मुंबईत सुरुवात करणाऱ्यासाठी तुलना

गाणं रेकॉर्ड झालं की त्यातून दोन वेगळ्या मालमत्ता तयार होतात. शब्द आणि चाल ही एक. ती गाऊन-वाजवून झालेलं ध्वनिमुद्रण, म्हणजे मास्टर, ही दुसरी. लेबलमधला, म्हणजे गाणी रेकॉर्ड करून प्रसिद्ध करणाऱ्या कंपनीतला, ए अँड आर (आर्टिस्ट्स अँड रेपर्टवार, कलाकार आणि गाणी निवडणारा) मॅनेजर मास्टरवर पैसे लावतो, पब्लिशर शब्द आणि चाल सांभाळतो. बाहेरून दोघंही 'गाणी आणि कलाकार हेरणारे' दिसतात. पण दिवस कशात जातो, चूक कुठे महागात पडते आणि दहा वर्षांनी हातात काय उरतं, यात मोठा फरक आहे.

आमचं मत आधीच सांगतो. संगीतक्षेत्रात ओळखीपाळखी नसतील तर पब्लिशिंगमधून सुरुवात करा आणि हवं तर तीन-चार वर्षांनी ए अँड आरकडे वळा. उलटा प्रवास जड जातो, कारण हक्कांची कागदपत्रं आणि रॉयल्टीची पत्रकं मधूनच शिकायला घ्यायची सवड ए अँड आरवाल्याला सहसा मिळत नाही. अपवाद एकच: ज्याचा आधीच कलाकारांच्या वर्तुळात राबता आहे, त्याने थेट लेबलचं दार ठोठावावं.

दोन्ही कामं एकाच माणसाने केली तेव्हा

अमेरिकेतल्या राल्फ पीअरचं उदाहरण जुनं असलं तरी अजून शिकवतं. 1927च्या उन्हाळ्यात टेनेसी राज्याच्या सीमेवरच्या ब्रिस्टल गावात त्याने व्हिक्टर कंपनीसाठी रेकॉर्डिंग केलं. तिथे त्याला पुढे कंट्री संगीतात गाजलेले जिमी रॉजर्स आणि कार्टर कुटुंब सापडले. हे झालं ए अँड आर. पण व्हिक्टरशी त्याचा सौदा वेगळा होता. पगारावर त्याची फारशी भिस्त नव्हती. रेकॉर्ड होणाऱ्या गाण्यांचे पब्लिशिंग हक्क त्याने मागून घेतले. 1909च्या अमेरिकी कायद्याने रेकॉर्डवरच्या प्रत्येक गाण्यामागे 2 सेंट रॉयल्टी ठरवली होती, त्यामुळे रेकॉर्ड विकली गेली की गाण्याच्या हक्कदाराला पैसे मिळत.

याचा परिणाम त्याच्या निवडीवर झाला. नुसती पारंपरिक गाणी छान गाणारा गायक त्याला पुरेसा नव्हता, कारण पारंपरिक गाण्यावर कुणाचाच हक्क नसतो. नवी गाणी घेऊन येणारा कलाकार त्याला हवा असे. 1928मध्ये त्याने सदर्न म्युझिक काढली, आणि त्यातून उभी राहिलेली पीअरम्युझिक आजही चालू आहे. ए अँड आरवाल्याला पब्लिशिंग कळलं की त्याचा कान कसा बदलतो, ते इथे दिसतं.

ए अँड आर: निवड, खर्च, तारखा

या कामाचा निखळ भाग पाहायचा तर एचएमव्हीच्या मुंबई शाखेतले जी. एन. जोशी आठवावेत. स्वतः भावगीत गायक असलेल्या या माणसाने अनेक दशकं कलाकारांना स्टुडिओपर्यंत आणलं. 1967च्या 'कॉल ऑफ द व्हॅली'मध्ये त्यांनी संतूर, बासरी आणि गिटार वाजवणारे तिघे तरुण एका कल्पनेभोवती एकत्र आणले. योग्य माणसं, योग्य कल्पना, योग्य वेळ: कामाचा गाभा आजही तोच आहे.

मात्र आज त्याभोवती बरंच काही आहे. डेमो ऐकणं हा दिवसाचा छोटा भाग असतो. गाणं किती लोकांनी सेव्ह केलं, किती जणांनी मध्येच सोडलं, कुठल्या ओळीवर रील्स बनतात हे पाहायचं. मग अंतर्गत बैठकीत खर्चाचा आराखडा मांडायचा: अ‍ॅडव्हान्स, संगीत संयोजन, वादक, स्टुडिओ, मिक्स, मास्टरिंग, व्हिडिओ आणि प्रसिद्धी. मंजुरी मिळाली की करारातले मुद्दे येतात: किती गाणी, पुढची गाणीही घेण्याचा लेबलचा हक्क कुठल्या तारखेपर्यंत वापरायचा, मास्टर कायमचा की ठरावीक वर्षांसाठी, आणि कुठला खर्च कलाकाराच्या वाट्यातून वसूल होणार.

हा शेवटचा मुद्दा कलाकाराला आकड्यांत समजावून सांगता आला पाहिजे. समजा अ‍ॅडव्हान्स 3 लाख आणि रेकॉर्डिंगचा खर्च 2 लाख, दोन्ही वसुलीयोग्य. कलाकाराचा वाटा 20 टक्के. म्हणजे गाण्याचं उत्पन्न 25 लाखांवर जाईपर्यंत त्याला पुढचा रुपया मिळणार नाही, कारण वसुली त्याच्या 20 टक्क्यांतूनच होते. लेबलचे 5 लाख मात्र खूप आधी सुटलेले असतात. करारावर सही होताना हे सांगितलं नाही, तर दोन वर्षांनी नातं तुटतं आणि कलाकार दुसऱ्या लेबलकडे जातो.

बाकीच्या चुका बहुतेक कागदाच्या. सर्वांत नेहमीची म्हणजे इंटरनेटवरून भाड्याने घेतलेला बीट, म्हणजे गाण्यासाठीचं तयार वाद्यसंगीत. तोच बीट आणखी पन्नास जणांनी घेतलेला असतो, आणि यूट्यूबच्या कंटेंट आयडीत (कुणाचं गाणं कुठे वापरलं ते ओळखणाऱ्या यंत्रणेत) गाणं टाकताच दावे-प्रतिदावे सुरू होतात. म्हणून पूर्ण मालकीचं पत्र हातात येईपर्यंत व्हिडिओचं शूटिंग ठरवू नये. वादक आणि कोरसच्या सह्या रेकॉर्डिंगच्या दिवशीच घ्याव्यात. महिन्याभराने माणसं सापडत नाहीत. 24 बिट वेव्ह फाइल, आवाजाशिवायचा ट्रॅक, स्टेम्स (प्रत्येक वाद्यगटाचे आणि आवाजाचे सुटे ट्रॅक) आणि श्रेयनामावली प्रकाशनाआधी तीन-चार आठवडे हातात हवी. स्पॉटिफायला प्लेलिस्टसाठी गाणं किमान 7 दिवस आधी सुचवावं लागतं, आणि तोवर फाइल चढलेली नसेल तर ती संधी गेली.

या नोकरीत शुक्रवार-शनिवारची रात्र कार्यक्रमांत जाते. तुमची पत ताज्या दोन-तीन गाण्यांवर ठरते. वरिष्ठ बदलला तर तुम्ही आणलेला कलाकार बाजूला पडू शकतो, आणि मास्टर तर कंपनीचाच असतो.

पब्लिशिंग: संथ, पण साठत जाणारं

भारतात हे काम बरीच वर्षं दिसतच नव्हतं, कारण चित्रपटसंगीतात निर्माता शब्द, चाल आणि मास्टर सगळं एकाच करारात लेबलला देत असे. कॉपीराइट कायद्याच्या 2012च्या दुरुस्तीने चित्र बदललं. गीतकार आणि संगीतकार आता रॉयल्टीचा हक्क लेबल किंवा निर्मात्याला देऊन टाकू शकत नाहीत. तो वाटा समान राहतो. हक्कांच्या करारात मुदत लिहिली नसेल तर ती 5 वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. 1969मध्ये स्थापन झालेल्या आयपीआरएसची (गीतकार, संगीतकार आणि पब्लिशरसाठी रॉयल्टी गोळा करणारी संस्था) 2017मध्ये नव्या कायद्याखाली नोंदणी झाली आणि ही कामं खऱ्या अर्थाने वाढली. सोनी, युनिव्हर्सल, वॉर्नर या तिन्ही समूहांची पब्लिशिंगची कामं आज भारतात चालतात.

हक्कांच्या आयुष्याचं गणितही वेगळं. भारतात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून 60 वर्षं टिकतो. शब्द आणि चालीचा, रचनाकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं. श्रीनिवास खळे 2011मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या चालींवरचा हक्क 2071 अखेरपर्यंत आहे.

इथेच मराठी संगीतातली एक मोठी गळती होते. तुकोबांच्या अभंगाचे शब्द कुणाच्याही मालकीचे नाहीत. पण खळ्यांनी बांधलेली चाल पारंपरिक नाही. घाईत नोंद करणारा गीत आणि संगीत दोन्हीसमोर 'पारंपरिक' लिहितो आणि संगीतकाराचा वाटा नाहीसा होतो. लावणी, गवळण, ओव्या, सगळीकडे हाच धोका. कुठला शब्द जुना, कुठली चाल कुणाची हे मराठी माणसाला कळतं, आणि या नोकरीत ते थेट कामाला येतं.

रोजचं काम नोंदणीचं. प्रत्येक रचनेचं नाव, सगळ्या रचनाकारांचे आयपीआय क्रमांक (प्रत्येक रचनाकाराचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक), बेरीज बरोबर 100 टक्के होईल असे वाटे, आणि रेकॉर्डिंगच्या 12 अक्षर-अंकांच्या आयएसआरसीशी, म्हणजे त्या ध्वनिमुद्रणाच्या ओळख क्रमांकाशी, जोडणी. मराठी शीर्षक रोमन लिपीत तीन प्रकारे लिहिलं जातं. तिन्ही रूपं पर्यायी नावं म्हणून टाकावी लागतात, नाहीतर परदेशी संस्थेच्या यादीत गाणं जुळत नाही. वाट्यांचा कागद गाणं पूर्ण झालं त्याच दिवशी सही करून घ्यावा. गाणं चाललं की प्रत्येकाला आपला वाटा जास्त आठवतो. दूरचित्रवाणीसाठी क्यू शीट लागतं: कुठला तुकडा, किती सेकंद, पार्श्वभूमीला की समोर. ते गेलं नाही तर प्रसारणाचे पैसे हिशेबात येत नाहीत.

सर्जनशील बाजूही आहे. गीतकार-संगीतकारांच्या जोड्या जमवणं, लेखनशिबिरं भरवणं, जाहिराती-मालिकांना गाणी सुचवणं. जाहिरातीत गाणं वापरायला मास्टर आणि रचना अशी दोन परवानगीपत्रं लागतात. एक मिळालं आणि दुसरं अडलं तर सौदा गेला, म्हणून किंमत सांगण्याआधी दोन्ही मालक शोधून ठेवायचे.

उणी बाजू: स्ट्रीमिंगच्या पैशांत मास्टरचा वाटा कितीतरी मोठा असतो. अमेरिकेत रचनांसाठीचा ठरलेला दर 2027पर्यंत सेवेच्या उत्पन्नाच्या 15.35 टक्क्यांपर्यंत जातो, तोही मोठ्या झगड्यानंतर. शिवाय आज नोंदवलेल्या गाण्याचे परदेशी पैसे यायला बरेच महिने लागतात. लगेच परिणाम दिसावा असा स्वभाव असेल तर हे काम कंटाळवाणं वाटेल.

अर्ज करण्याआधी

एक मराठी गाणं घ्या, शक्यतो चित्रपटाबाहेरचं आणि दोन-तीन वेगवेगळ्या आवाजांत रेकॉर्ड झालेलं. आयएफपीआय या रेकॉर्ड कंपन्यांच्या जागतिक संघटनेच्या सार्वजनिक शोधात प्रत्येक ध्वनिमुद्रणाचा आयएसआरसी शोधा, रॉयल्टी संस्थांच्या सिसॅक या जागतिक महासंघाच्या आयएसडब्ल्यूसी-नेटवर रचनेचा क्रमांक शोधा. मास्टरचा मालक, गीतकार, संगीतकार आणि पब्लिशर एका पानावर मांडा, आणि कुठे नोंद चुकली किंवा सुटली आहे ते दाखवा. या शोधात रात्र कशी सरली ते कळलं नाही, तर पब्लिशिंगला अर्ज करा आणि हे पान सोबत जोडा. पण सगळा वेळ यातला कुठला आवाज पुन्हा रेकॉर्ड व्हायला हवा याच विचारात गेला, तर तुमची जागा लेबलमध्ये आहे. मग त्या पानाऐवजी पाच अप्रकाशित कलाकारांची यादी न्या, प्रत्येकासमोर पहिलं गाणं कुठलं आणि त्याला खर्च किती, हे लिहून.