ई-कोर्ट्स सर्व्हिसेस ॲप: वादीने स्वतःजवळ ठेवावे असे साधन

उसनी दिलेली रक्कम परत मिळावी म्हणून शिवाजीनगरच्या न्यायालयात मी दावा दाखल केला होता. ‘तारीख पडली की कळवतो’ या वकिलांच्या शब्दावर मी दोन वर्षे निर्धास्त राहिलो. एका स्नेह्यांच्या आग्रहावरून हे विनामूल्य ॲप घेऊन त्यात दाव्याचा १६ अक्षरांचा सीएनआर क्रमांक (प्रत्येक खटल्याला मिळणारा स्वतंत्र ओळख क्रमांक) भरला, तेव्हा वादी गैरहजर म्हणून दावा १९ दिवसांपूर्वीच काढून टाकल्याचे कळले.

या ॲपचा खरा उपयोग मला त्यातल्या मागील तारखांच्या नोंदींमध्ये दिसला. तारखेवर बोट ठेवले की त्या दिवशीच्या कामकाजाची नोंद उघडते. माझ्या पुराव्यासाठी नेमलेल्या लागोपाठ दोन तारखांना मुदत मागितलेली होती आणि तिसऱ्या तारखेला पुकारा झाला तेव्हा आमच्या बाजूने कोणीही उभे नव्हते, मात्र प्रतिवादीचे वकील हजर होते. हा शेवटचा तपशील फार महत्त्वाचा आहे. दोन्ही पक्ष गैरहजर असतील, तर दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ९, नियम ४ नुसार मुदतीत असल्यास नवा दावाही आणता येतो. प्रतिवादी हजर असताना नियम ८ खाली दावा काढून टाकला गेला, तर नियम ९ मुळे त्याच कारणावर नवा दावा आणता येत नाही आणि गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवून जुनाच दावा पुन्हा फाइलवर घेण्याचा अर्ज करावा लागतो. त्याची मुदत आदेशाच्या तारखेपासून ३० दिवस असते, आदेश आपल्याला कळल्याच्या दिवसापासून नव्हे. उशीर झाल्यास विलंबमाफी मागता येते, पण ती देणे न्यायालयाच्या अधिकारातले असते. माझ्या हाती ११ दिवस उरले होते, आणि ते या ॲपमुळेच उरले, असे मी मनापासून म्हणेन.

ॲपवरची माहिती म्हणजे प्रमाणित प्रत नव्हे. त्यामुळे रोजनामा (न्यायालयाची तारीखवार कामकाजाची नोंद) आणि आदेश यांच्या नकलेसाठी न्यायालयात स्वतंत्र अर्ज द्यावाच लागतो. जतन केलेल्या खटल्यांची यादी मोबाइलमध्येच राहते. मोबाइल बदलण्यापूर्वी ती बाहेर काढून ठेवावी.

वडील मंडळी हे वापरू शकतील का, अशी मला शंका होती. आईला सीएनआर क्रमांक एकदाच भरून दिला. आता पुढील तारीख आणि ती कशासाठी नेमली आहे, हे ती स्वतः पाहते.

नव्या वकिलांमार्फत माझा अर्ज २६ व्या दिवशी दाखल झाला. पुढील तारीख प्रतिवादीच्या म्हणण्यासाठी आहे आणि त्या दिवशी सकाळी साडेदहाला मी स्वतः कोर्टात असेन.