'शिस मेय' की 'शो मी लव्ह'?

दोन बायका ध्यानीमनी नसताना प्रेमात पडतात, असा स्वीडिश चित्रपट शोधणाऱ्याला हमखास ही दोन नावं सांगितली जातात. 'शिस मेय' २०११चा, दिग्दर्शिका अलेक्झांड्रा-थेरेसे केनिंग. मियाचं लग्न ठरलंय. तिचे वडील ज्या बाईशी लग्न करणार आहेत, तिचीच मुलगी फ्रिडा. म्हणजे या दोघी नात्याने बहिणी होऊ घातलेल्या! चित्रपट दिसायला देखणा, आणि लग्न ठरलेल्या बाईची घुसमट त्यात नीट उतरते. पण मियाचा होणारा नवरा टिम मला फार उपरा वाटला. त्याच्या बाजूला वजनच नाही.

लुकास मूडिसनचा 'शो मी लव्ह' १९९८चा. ओमोल नावाचं कंटाळवाणं गाव, शाळकरी वयाच्या दोन मुली, आग्नेस आणि एलिन. आग्नेसच्या वाढदिवसाला व्हीलचेअरवरची एकच मैत्रीण येते, अत्तर भेट देते, आणि आग्नेस स्वतःच्या दुःखापायी तिलाच टाकून बोलते. पाहताना जीव कासावीस होतो. नायिकेला इतकं वाईट वागू द्यायला धाडस लागतं. 'शिस मेय'मध्ये ते कुठेच नाही. मग एलिन येते, पैजेखातर आग्नेसचं चुंबन घेते, आणि पुढे तीच बेचैन होते. शेवटी शाळेच्या स्वच्छतागृहातून दोघी सगळ्यांसमोर बाहेर पडतात, तो प्रसंग तर केवळ अप्रतिम.

तिशीतली, घर-संसाराच्या पेचातली गोष्ट हवी असेल तर 'शिस मेय' जरूर बघा. एकच बघणार असाल तर मात्र डोळे झाकून मूडिसनचा.